वरच्या खोलीतले फव्वारेवाले

माणूस भाड्याने खोली मागायला आला की त्याने काय सांगावं, याची एक रीत असते. नोकरी कुठे आहे ते सांगावं, बायकामुलं आहेत की नाहीत ते सांगावं, आणि आमच्या शहरात तर देवाचं नाव घेण्याआधी सांगावं की मी पाणी फार वापरत नाही. आमच्या दारात उभ्या राहिलेल्या या गृहस्थांना मी विचारलं, "तुम्ही करता काय?" तर म्हणाले, "पाणी पितो."

"ते सगळेच पितात," मी म्हटलं. "पोटापाण्यासाठी काय करता?"

"तेच की ताई. पाणी पितो आन् परत करतो."

मी वैजापूरची. कांद्याच्या बाजारात लहानाची मोठी झाले, त्यामुळे जिभेला धार आहे आणि असल्या उत्तरांना काय उत्तर द्यायचं तेही ठाऊक आहे. मी तोंड उघडणार एवढ्यात मागून यजमान आले आणि ओरडलेच, "अगं, हे टीव्हीवर असतात! परवा आपण पाहिले नाहीत का!" झालं. खोली ठरली. आमच्या घरातले मोठे निर्णय असेच होत आलेले आहेत.

पुंडलिकनगर तेव्हा नुकतं वसत होतं. आमच्या घरामागे ज्वारीचं शेत होतं आणि रिक्षावाला इतक्या लांब यायला कुरकुर करायचा. गल्लीत आठ-दहा घरं. त्या आठ-दहा घरांनी आठवड्याच्या आत त्यांचं नाव 'फव्वारेवाले' ठेवलं आणि त्यांचं खरं नाव रेशनकार्डापुरतं उरलं. ते गेले त्यालाही आता बरीच वर्षं झाली. पण अजूनही पत्ता सांगताना जुनी माणसं म्हणतात, "ते फव्वारेवाल्यांचं घर." घर आमचं, कर्ज आम्ही फेडलं, आणि नाव भाडेकरूचं.

ते उंच होते, सडपातळ. कंठमणी एवढा मोठा की सदऱ्याचं वरचं बटण कधी लागायचं नाही. बोलणं कमी. लग्न केलं नव्हतं. कुणी कारण विचारलंच तर म्हणायचे, "ऱ्हाऊन गेलं." भाजीत मीठ राहून गेलं, इतक्या साधेपणाने.

त्यांचा खेळ असा होता. मेजावर काचेचे पेले रांगेने मांडलेले, प्रत्येकात वेगळ्या रंगाचं पाणी. एकेक पेला ते सावकाश पिऊन टाकायचे, ओठ पुसायचे, आणि मग समोरचा माणूस म्हणेल त्या रंगाची धार त्यांच्या तोंडातून बाहेर यायची. लाल म्हटलं की लाल, हिरवं म्हटलं की हिरवं. शेवटी मान मागे टाकून असं कारंजं उडवायचे की एवढं पाणी या वाळक्या माणसाच्या पोटात मावलं कुठे, असा प्रश्न पडावा. हे सगळं पाणी पडायचं त्यांच्या पायाशी ठेवलेल्या पितळी घंगाळात. बाहेर थेंब नाही. कारंज्याची धार वर जाऊन वळायची आणि बरोबर घंगाळात उतरायची. लोक टाळ्या रंगांना वाजवत, पण त्यांचं सगळं लक्ष घंगाळाकडे असायचं. एस.टी.ने मुंबईला निघाले तरी घंगाळ मांडीवर.

रंगांचं गुपित त्यांनी कुणाला सांगितलं नाही. मी पुष्कळ खोदून पाहिलं. घंगाळाचं मात्र सहज सांगून टाकलं.

त्यांचं घर धनगराचं, करमाडच्या पुढे आत एका वाडीवर. मेंढरांमागे हिंडणाऱ्याला पाणी दिसलं की पोटभर पिऊन घ्यायची सवय असते, कारण पुढचं पाणी कुठे भेटेल याचा भरवसा नाही. "मी जरा जास्तीच प्यायचो," ते म्हणाले. "मंग एक दिस कळलं, की आपुन म्हणलं तर ते वर बी येतंय." पोरांत कौतुक झालं, तसा हा खेळ वाढला. आईला कळलं तेव्हा तिने आधी झोडपून काढलं आणि मग न्हाणीतलं घंगाळ पुढ्यात आदळलं. म्हणाली, "खेळायचं तर खेळ, पर जिमिनीवर थेंब सांडला तर मला तोंड दावू नको." घंगाळातलं पाणी मेंढरांना. मी नाक मुरडलं, तर म्हणाले, "ताई, उन्हाळ्यात मेंढरू इचारत नाय पाणी कुठून आलं."

कुणी त्यांच्या खेळाला 'ओकणं' म्हटलं की मात्र त्यांचा चेहरा उतरायचा. आमच्या समोरच्या काकू एकदा सरळ तोंडावर म्हणाल्या. तेव्हा ते शांतपणे म्हणाले, "ओकतं ते मानूस, ज्याला ठीवता येत नाय. मी ठीवतो. कुनी मागितलं की परत करतो."

आमच्याकडे सराव पहाटे, गच्चीवर, उपाशीपोटी. पहिल्या महिन्यात मी जिन्यात कान लावून बसायचे, की हा माणूस माझी टाकी रिकामी करतो की काय. पण ते स्वतःचं पाणी स्वतः भरत, आंघोळ दोन तांब्यांत उरकत, आणि घंगाळातलं पाणी खाली आणून कढीपत्त्याच्या रोपाला घालत. ते झाड असं फोफावलं की गल्लीत तोड नव्हती. समोरच्या काकूंनी त्याची पानं कधी नेली नाहीत. मी रोज फोडणीत घातली, आमच्या घरात कुणाला काही झालं नाही.

टीव्हीवर ते पहिल्यांदा आले ते आमच्याकडे येण्याच्याही आधी, सरकारी वाहिनीवर. त्यांच्या वाडीत तेव्हा एकच टीव्ही, तोही काळापांढरा. सगळी वाडी अंगणात बसलेली. निवेदिका विचारते आहे, "आता कोणता रंग?" प्रेक्षक ओरडतात, "निळा!" धार येते, टाळ्या पडतात, आणि वाडीला दिसतं काय, तर राखाडी पाण्यामागून राखाडी पाणी. पोरं वैतागली. म्हातारे म्हणाले, यात काय मोठं. त्यांची आई मात्र शेवटपर्यंत पाहत बसली आणि दुसऱ्या दिवशी ते घरी पोचल्यावर म्हणाली, "रंग काय मला कळला नाय. पर लेका, थेंब सांडला नाय तू." ही हकिकत ते सांगायचे तेव्हा त्यांचा आवाज बदलायचा. आयुष्यात मिळालेलं प्रशस्तिपत्रक एवढं एकच, असं मला वाटतं.

नाहीतर टीव्हीने त्यांना तसं दिलं काय? पुढे केबल आली, वाहिन्या वाढल्या. ते अधूनमधून दिसत. गाणारी बाई कपडे बदलायला गेली, विनोदवाल्याला यायला उशीर झाला, की मधल्या मोकळ्या जागेत यांना उभं करायचं. कित्येकदा कारंजं निम्म्यावर असतानाच जाहिरात लागायची. आम्ही घरी चरफडायचो. ते परत आले की विचारायचे, "घंगाळ दिसलं का ताई?" मी हो म्हणायचे. दिसलेलं नसलं तरी म्हणायचे. एकदा यजमान त्यांना म्हणाले, "तुमचा एकट्याचा कार्यक्रम का नाही ठेवत हे लोक?" तर हसून म्हणाले, "साहेब, आमी म्हंजी फोडणीतली मोहरी. नुसती मोहरी कोन खातं?" हसले खरे, पण ते बोलणं त्यांना आतून खुपत होतं. माणूस ज्या गोष्टीवर फार सहज हसतो, तीच त्याला दुखत असते, हे मी शाळेत शिकवताना वर्गातल्या मुलांकडून शिकले आहे.

मग दुष्काळाची ती वर्षं आली. एक संपतंय म्हणेस्तोवर दुसरं. ज्वारीच्या शेतावर तोवर तीन मजली इमारती झाल्या होत्या, गल्लीच्या पुढे पाच गल्ल्या झाल्या होत्या, आणि सगळ्यांची तोंडं एकाच नळाकडे. नळ दोन दिवसांआड यायचा तो चारवर गेला, चारचा आठवडा झाला. बोअर आटले. टँकर गल्लीत शिरला की चांगल्या घरच्या बायका बादल्यांसाठी एकमेकींची आई-बहीण काढायच्या, त्यात मीही होते. वाड्यांवर तर त्याहून वाईट.

फव्वारेवाल्यांनी पाण्याचा सराव बंद केला. पहाटे गच्चीवर रिकामे पेले मांडायचे, एकेक उचलून ओठाला लावायचे, कंठमणी वरखाली व्हायचा, मान मागे जायची, आणि तोंडातून काहीही येत नसताना नजर मात्र वर जाऊन वळून घंगाळात उतरायची. एकदा मी म्हटलं, "घ्या की एक पेला, एवढ्याने काय होतंय." म्हणाले, "नको ताई. पानी नसताना पान्याशी खेळू नाय."

आणि नेमका त्याच उन्हाळ्यात तो फोन आला. एका मोठ्या वाहिनीचा मोठा कार्यक्रम, देशभर दिसणारा. त्यांना हवं होतं की यांनी एकट्याने यावं, यांच्या नावाने भाग व्हावा, यांचं घर, यांचं गाव, सगळं दाखवावं. साठीला आलेल्या माणसाला त्याची उभ्या आयुष्याची इच्छा कुणीतरी ताटात वाढून समोर ठेवली. ते दोन दिवस जेवले नाहीत. मग घंगाळ चिंचेने घासलं आणि गेले.

तिथे काय झालं ते त्यांनीच नंतर सांगितलं. मंचावर काचेची जमीन होती, खालून दिवे. एक तरुण आला, फार गोड बोलायचा. म्हणाला, "काका, ते भांडं बाजूला ठेवू या. पाणी काचेवर पडलं ना, की काय दिसेल!" यांनी नाही म्हटलं. त्याने पुन्हा समजावलं. मागे दोनशे माणसं खोळंबलेली, दिवे तापलेले, सगळे यांच्याकडे पाहतायत. "मला वाटलं," ते म्हणाले, "आयुष्यभर घंगाळात सोडलं, म्हनून तर मोहरी ऱ्हायलो." आणि त्यांनी स्वतःच्या हाताने घंगाळ उचलून पडद्याआड ठेवलं.

कार्यक्रम लागला त्या दिवशी गल्ली आमच्या बैठकीत जमली होती. ते स्वतः खुर्चीवर, आमच्यात. आजवर त्यांनी असा खेळ केला नव्हता हे खरं. कारंजं छताकडे गेलं आणि काचेवर कोसळलं. लाल, हिरवं, पिवळं पाणी दिव्यांवरून वाहत गेलं, पायऱ्यांवरून खाली उतरलं. टीव्हीतले लोक उठून उभे राहिले, कुणी शिट्ट्या मारल्या. त्या दिवशी आमच्या घरात नळाला आठवडा होऊन गेलेला, स्वयंपाकघरात पिण्याचा एक हंडा. सगळ्यांचे डोळे त्या वाहत्या पाण्यावर. शेवटी समोरच्या काकू, फार वाईट हेतूने नव्हे, सहज म्हणाल्या, "बाई गं, केवढं हे पाणी!"

फव्वारेवाले उठले आणि जिना चढून वर गेले.

वाहिनीने तो तुकडा जाहिरातीत घातला. दिवसभर, दर थोड्या वेळाने, ते पाणी पायऱ्यांवरून उतरायचं.

चार दिवसांनी त्यांच्या थोरल्या भावाचा निरोप आला, येऊन जा म्हणून. त्यांना एकट्याने जायचं धैर्य नव्हतं. आम्हाला म्हणाले, "चला साहेब, ताई, आमचं घर बगा." आम्ही शेजाऱ्यांची जीप घेतली. करमाडला चहाला थांबलो, तर टपरीवरच्या एकाने ओळखलं. हसत हसतच म्हणाला, "काका, तुमी वतलं तेवढ्यात आमची वस्ती आठवडा काढती की वो." हे म्हणाले, "व्हय." चहा तसाच ठेवून जीपमध्ये जाऊन बसले.

घर पत्र्याचं, पुढे लिंब. आदल्याच दिवशी भावाने निम्मी मेंढरं विकली होती, चारा-पाणी नाही म्हणून. भाऊ खांबाला टेकून बसलेले, आमच्याशी दोन शब्द बोलले आणि गप्प झाले. टीव्हीचं नाव कुणी काढलं नाही. थोड्या वेळाने त्यांच्या वैनी झाकलेला तांब्या आणि पेला घेऊन बाहेर आल्या. आधी यजमानांना पाणी दिलं. मग मला. माझ्या शेजारी फव्वारेवाले बसले होते. त्यांचा हात गुडघ्यावरून जरासा पुढे आला. वैनींनी तांब्यावर पेला पालथा घातला आणि आत निघून गेल्या.

तो हात परत गुडघ्यावर गेलेला मी पाहिला.

आपल्याकडे दारात आलेल्या वैऱ्यालाही कुणी पाण्याशिवाय ठेवत नाही. ज्या घरात जन्मला, त्या घरात ज्या माणसापुढे तांब्या येत नाही त्याने काय समजायचं? परतताना चिकलठाण्यापर्यंत ते रस्त्याकडे पाहत बसले. मग म्हणाले, "पानी तोडलं माझं. बरोबर हाय त्यांचं."

कार्यक्रमाच्या पुढच्या भागाचं बोलावणं आलेलंच होतं. यजमान सोबत गेले, म्हणून मला हे माहीत. या वेळी फव्वारेवाल्यांनी सांगितलं, घंगाळ असेल तरच. तो गोड बोलणारा तरुण बरं म्हणाला, आणि ऐन वेळी मंचावर घंगाळ नव्हतं. पेले रांगेने मांडलेले होते. यांनी पहिला उचलला, प्यायला. दुसरा, तिसरा, सगळे. ओठ पुसले. संगीत वाजलं, कुणीतरी ओरडलं, "लाल!" हे हात जोडून उभे. पुन्हा ओरडा झाला. हे तसेच. दिवे तापलेले, लोक आधी हसले, मग कुजबुजले, मग तो तरुण पळत आला, "काका, परत करा ना!" यांनी मान हलवली. शेवटी दिवे घालवून यांना बाजूला नेलं.

बसमध्ये यजमानांनी विचारलं, "असं का केलंत हो?" म्हणाले, "एकदा सांडलं ते सांडलं, साहेब. आता हे तरी सांडू नाय."

पण हे पाहिलं कुणी? वाहिनीने तो भाग दाखवलाच नाही. ज्या वाडीसाठी त्यांनी जन्माची कमाई तिथे मंचावर ठेवून दिली, त्या वाडीला त्याची गंधवार्ता नाही. मी म्हटलं, मी जाऊन सांगते. तर पहिल्यांदाच माझ्यावर चिडले. "पानी मागून घेत नसतेत ताई," म्हणाले.

त्यानंतर टीव्ही संपला. त्यांनी एका नव्या इमारतीवर राखणदारी धरली. वाडीवर गेले नाहीत, बिरोबाच्या जत्रेलाही नाही. पुढे पाऊस बरा झाला, नळ पुन्हा चार दिवसांवर आला, शेंद्र्याकडे कारखाने वाढले, जालना रस्त्याच्या दोन्ही अंगांना पाट्या लागल्या आणि मेंढरं चरायची ती माळरानं तारेच्या कुंपणांत गेली. हे सगळं ते गेटवर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याकडून ऐकायचे. वाडीचा कुणी भेटला तर आधी भावाची चौकशी करायचे, मग मेंढरांची, आणि तो "या की एकदा" म्हणाला की म्हणायचे, "बगू." दर दिवाळीला घंगाळ काढून घासायचे आणि परत माळ्यावर ठेवायचे.

अशी काही वर्षं गेली आणि एका दुपारी दारात त्यांच्या वैनी उभ्या. धाकट्या लेकाचं लग्न, आमंत्रण घेऊन एकट्या बसने आलेल्या. फव्वारेवाले कामावर होते. मी बाईंना बसवलं, पाणी दिलं, चहा टाकला. चहा पिऊन झाल्यावर त्यांनी तोंड सोडलं.

"ताई, तुमी शिकलेल्या हाव, तुमीच सांगा. टीव्हीवर गेल्यापून आमचं घर लई बारकं झालं का वो भावजींना? सख्खा भाऊ हाय. उरलेली मेंढरं गेली तवा आले नाय, हे आजारी पडले तवा आले नाय. मानूस मोठं झालं की असं करतं का?"

माझा तोल गेला. मी म्हटलं, "बाई, तुम्ही काय तोंडाने विचारता? माझ्या डोळ्यांदेखत तुम्ही त्यांच्यापुढून तांब्या परत नेलात. आम्ही परके, आम्हाला पाणी दिलंत, आणि घरच्या माणसाला तहानलेलं ठेवलंत. त्या पाण्यापायी त्या माणसाने टीव्ही सोडला, गाव सोडलं."

बाई माझ्याकडे बघतच राहिल्या. आठवायला त्यांना वेळ लागला, कारण त्यांच्या लेखी त्या दिवशी काही घडलंच नव्हतं. मग म्हणाल्या, "त्या उन्हाळ्यातलं म्हणता व्हय? आवं ताई, त्या दिसांत आमी पाव्हण्यापुरता एक तांब्या झाकून ठीवायचो. त्याला घरचं मानूस हात लावत नव्हतं. पाव्हण्याला तांब्यातलं. घरच्याला तहान लागली तर त्यानं उठायचं, आत जायचं, डेऱ्यातलं घोटभर घ्यायचं. भावजी काय पाव्हणे व्हते का? त्यांच्यापुढं मी तांब्या धरला असता तर सासूबाईचा जीव वर तळमळला असता, माझ्या लेकाला सुनंनं परका केला म्हनून."

"आणि टीव्हीवरचं पाणी? त्याचा राग नव्हता?"

"राग कशाचा? हे हसले व्हते बगून. म्हणले, आईनं पाह्यलं असतं तर घंगाळ डोक्यात घातलं असतं. आन् दुसऱ्या दिशी मेंढरं इकायला काढली, तवा कोन बोलतंय टीव्हीचं."

एवढी वर्षं तो माणूस वर खोलीत शिक्षा भोगत होता, आणि ती शिक्षा कुणी दिलेलीच नव्हती. वाडी समजत होती, हा माजला. हा समजत होता, वाडीने टाकलं. आणि मीही तिथेच बसले होते, तांब्यातलं पाणी प्यायले होते, आणि मलाही कळलं नव्हतं. आमच्या घरात कधी त्यांच्यासारखा तांब्या झाकून ठेवायची वेळ आली नव्हती, मला कुठून कळावं?

संध्याकाळी ते गेटवरून आले. वैनींना पाहून जिन्यातच थांबले. मी सांगणार होते, पण बाईंनी मला हाताने गप्प केलं आणि स्वतः सांगितलं, मला सांगितलं तसंच, उलट जास्त रागावून. "डेरा कुठं ठीवलाय ते माहीत नव्हतं का तुमाला? लहानपनापून तिथंच हाय की!"

ते जिन्याच्या पायरीवर बसले. मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "ताई, मी आपला हात फुडं करून बसलो व्हतो... पाव्हण्यावानी." आणि रडायला लागले. मोठ्याने, लपवाछपवी न करता. मी त्यांना रडताना पाहिलं ते एवढं एकदाच. वैनी उभ्या राहून पाहत होत्या. जवळ गेल्या नाहीत, उगी म्हणाल्या नाहीत. रडणं ओसरल्यावर म्हणाल्या, "हळदीला दोन दिस आधी यायचं. मांडवाचं काम हाय."

ते खरंच दोन दिवस आधी गेले. आम्ही दोघं हळदीच्या सकाळी पोचलो. पत्र्याच्या घराला आता पक्क्या भिंती झाल्या होत्या, पुढचा लिंब तेवढाच होता. त्याच्या सावलीत आम्हाला सतरंजी टाकली. फव्वारेवाले मांडवाच्या मेढी रोवून नुकतेच येत होते, हाताला माती, कपाळावर घाम. आमच्याशेजारी येऊन बसले. थोरले भाऊ बसलेलेच होते. बोलणं निघालं पावसाचं, शेजारच्या माळावर होणाऱ्या कारखान्याचं.

वैनी तांब्या-पेला घेऊन बाहेर आल्या. यजमानांना दिलं, मला दिलं. फव्वारेवाल्यांना ओलांडून पुढे व्याह्यांकडचे कुणी बसले होते, त्यांना दिलं. मी त्यांच्या हाताकडे पाहत होते. हात गुडघ्यावरच होता.

त्यांनी भावाचं वाक्य पुरं होऊ दिलं. मग उठले, धोतराला हात पुसले आणि उंबरा ओलांडून आत गेले. अंगणातल्या एकाही माणसाने मान वळवून पाहिलं नाही. आतून पेल्याचा आवाज आला, मग थोडा वेळ काहीच नाही. ते पीत असावेत.

वैनी व्याह्यांच्या पेल्यात पाणी ओतत होत्या. मागे न वळताच घराच्या दिशेने ओरडल्या, "भावजी, डेऱ्यावर झाकन नीट ठीवा! मुंग्या व्हतेत."